यादीतला वलसन

आमच्या चेम्मणकुन्नात वलसनला कुणी भला माणूस म्हणत नाही. मीही म्हणत नाही, आणि मी त्याचा सगळ्यात जुना मित्र आहे. त्याच्या पोटात चौदा वर्षं एक राग होता. तो त्यानं इतक्या काळजीनं जपला की तितक्या काळजीनं लोक पोटची पोरंही जपत नाहीत. मला तो त्याच्या त्या रागासकट आवडतो. आवडत नसता तर हे लिहायला बसलोच नसतो.

मी विट्याकडचा. सोनं गाळायची भट्टी घेऊन तलश्शेरीच्या बाजूला या गावात आलो त्याला पस्तीस वर्षं झाली. इथले लोक मला सेट्टू म्हणतात. माझं नाव उत्तम आहे हे फक्त रेशनकार्डाला माहीत आहे. वलसन माझ्या दुकानामागच्या खाणीत चिरे काढायचा. तेव्हा यंत्रं नव्हती. लांब दांड्याच्या कुऱ्हाडीनं तांबडा दगड तासायचा, चौकोनी करायचा आणि पाठीवर घेऊन खड्ड्याच्या वर यायचं. बाकीचे खेपेला एक चिरा आणत, हा दोन आणायचा. वर आला की माझ्या ओट्यावर बसून कट्टन चहा प्यायचा, म्हणजे बिनदुधाचा, आणि माझ्या मल्याळमला हसायचा.

त्याची आई चिरुता. विडीच्या कारखान्यात तिची चाळीस वर्षं गेली. तिथे बायका-पुरुष विड्या वळत बसत आणि एक जण मोठ्यानं पेपर वाचून दाखवी. शाळेचं तोंड न पाहिलेल्या चिरुताला सगळ्या जगाचं राजकारण त्या वाचनातून पाठ झालं होतं. पुढे तिचे कान गेले, पण पक्ष गेला नाही. घरात देवाचा फोटो एक आणि पक्षाच्या पुढाऱ्यांचे पाच. मी एकदा गमतीनं विचारलं होतं की यातला खरा देव कोणता. ती म्हणाली, जो आल्यावर चहा पितो तो.

चहा प्यायला येणारा म्हणजे अनंतन माश. शाळेत मास्तर, म्हणून माश. पक्षाचा गावातला कारभारही त्याच्याकडेच. अर्ध्या गावाला त्यानं वर्गात शिकवलं होतं आणि उरलेल्या अर्ध्याला सभेत. पांढराशुभ्र सदरा, हळू आवाज. समोरच्याचा हात आपल्या दोन्ही हातांत घेऊन बोलायची सवय. त्याला बघितलं की वलसन वर खोचलेला मुंडू, म्हणजे इकडची लुंगी, मानानं आधी खाली सोडायचा आणि मग तोंड उघडायचा.

आता त्या यादीबद्दल. ही रीत मी गावाकडे सांगितली तर माझ्या सख्ख्या भावानंसुद्धा विश्वास ठेवला नाही. इथे दोन पक्षांत मारामारी झाली, कुणी पडलं, कुणी तुटलं, की ज्यानं केलं त्याला शोधत कुणी फिरत नसे. दोन-चार दिवसांत पक्षाकडून नावांची यादी जायची आणि यादीतली माणसं आपल्या पायानं चौकीवर हजर व्हायची. बाहेर घोषणा, गळ्यात हार. ज्यानं खरंच कोयता चालवला त्याचं नाव यादीत असेलच असं काही नव्हतं. यादीत जाणं म्हणजे मान होता. घर पक्ष बघणार, वकील पक्ष देणार, सुटून आल्यावर मिरवणूक निघणार. शहाणीसुरती माणसं ही चूक छाती पुढे काढून करत.

अठ्ठ्याण्णव साली भर दुपारी, झेंड्याचा खांब कुणी रोवायचा या भांडणातून, दुसऱ्या पक्षाच्या दिनेशनवर हल्ला झाला. दिनेशन विणकर. खड्ड्यातल्या हातमागावर बसून तो पंचे विणायचा. तोंडाला फडकी बांधलेल्या चौघांनी त्याला मागून गाठला आणि त्यातल्या एकानं त्याचा डावा पाय गुडघ्याखाली तोडला. माणूस वाचला, पण माग पायांनी चालतो. त्याचा माग त्या दिवशी बंद पडला तो पडलाच.

पाय तोडणारा होता शिनोज, माशचा एकुलता एक मुलगा. वय बावीस, इंजिनिअरिंगची परीक्षा झालेली, दुबईच्या नोकरीचं पत्र हातात. ही गोष्ट पक्षातल्या दहा-बारा जणांना माहीत होती. बाकी गावात नुसती कुजबुज. इथे कुजबुजीवर भरवसा ठेवायचा तर रोज नवा वैरी धरावा लागेल, म्हणून कुणी ठेवत नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी माश वलसनच्या ओसरीवर येऊन बसला. पुढचं मला चिरुतानं स्वतः सांगितलं आहे, एकदा नाही, वीसदा.

"वलसा, यादीत एक नाव कमी पडतंय," माश म्हणाला.

"कुणाच्या ऐवजी, माशे?"

"ते विचारायचं नसतं."

वलसननं आईकडे बघितलं. लग्नाला दोन वर्षं झालेली त्याची बायको रोहिणी दाराशी उभी होती. तिच्याकडे त्यानं बघितलंच नाही. चिरुता उठली, चहाचा पेला माशच्या हातात दिला आणि म्हणाली, "घेऊन जा, माशे. तुमचाच आहे तो."

माशनं तिचे दोन्ही हात धरले. या घराची चूल विझणार नाही, तू माझ्या थोरल्या बहिणीसारखी, वगैरे. त्या दिवसापासून तो तिला चिरुतेडत्ती, म्हणजे चिरुताताई, म्हणायला लागला. त्याआधी नुसती चिरुता होती. वलसन हार घालून गेला आणि आठव्या दिवशी शिनोज दुबईच्या विमानात बसला. आपण कुणाच्या ऐवजी आत आहोत ते वलसनला तेव्हाच कळलं.

कोर्टात वलसन एक शब्द बोलला नाही. दिनेशन कुबडी टेकत साक्षीला आला तेव्हा यानं मान खाली घातली, आणि दिनेशननं त्यातून जे समजायचं ते समजून घेतलं. पाय तोडणारा हाच. दहा वर्षांची शिक्षा झाली.

पहिली दोन वर्षं घरी तांदूळ येत राहिला. मग माश पंचायतीच्या निवडणुकीला उभा राहिला. कोयत्याच्या राजकारणाला लोक विटले होते, वरून पक्षानंही कान उपटले होते. शाळेच्या मैदानावर मोठी सभा झाली. चिरुता दुसऱ्या रांगेत, शेजारी रोहिणी. मी मागे सायकलवर रेलून उभा होतो. माशनं माईक धरला आणि त्याच हळू आवाजात सांगितलं की दिनेशनवर हल्ला करणारे ते गुंड आमचे नव्हते, कधीच नव्हते, पैशासाठी हात चालवणाऱ्या माणसांना या पक्षात जागा नाही.

चिरुताला धड ऐकू आलं नाही. तिनं सुनेला कोपरानं ढोसून विचारलं, "काय म्हणाला गं?"

रोहिणी म्हणाली, "तुमच्या मुलाचं नाव घेतलं."

आणि चिरुतानं टाळ्या वाजवल्या. सगळं मैदान चिडीचूप असताना ती एकटी म्हातारी टाळ्या वाजवत होती आणि माश वरून तिच्याकडे बघत होता. मी तिथे होतो. मी काही बोललो नाही. मला या गावात धंदा करायचा होता, आणि या कारणाची मला आजही लाज वाटते.

माश अध्यक्ष झाला. तांदूळ बंद झाला, वकील फोन उचलेना, पक्षाच्या बैठकीचं बोलावणं चिरुताला येईना. तिनं स्वतः जाऊन विचारलं तेव्हा दारातल्या माणसानं तिला माशचं भाषण कानाशी ओरडून सांगितलं. घरी येऊन तिनं रोहिणीला फक्त एवढं विचारलं की मी टाळ्या वाजवल्या तेव्हा तू माझे हात का धरले नाहीस. रोहिणी दुसऱ्या दिवशी गळ्यातली साखळी घेऊन माझ्या दुकानात आली. ती मी माझ्या हातानं आटवली.

चिरुता पुढच्याच वर्षी गेली. इथे पक्षाचं माणूस गेलं की त्याच्यावर पक्षाचा झेंडा घालतात. म्हातारीची शेवटची इच्छा तेवढीच होती, आणि ती तिनं सगळ्या गावाला सांगून ठेवली होती. वलसन दोन पोलिसांबरोबर तुरुंगातून आला. अंगणात आई ठेवलेली, अंगावर नुसती पांढरी चादर. त्यानं विचारलं, "झेंडा कुठाय?" त्यानं परत विचारलं. शेवटी रोहिणी म्हणाली, माणूस पाठवला होता, माश म्हणाले, गुंडाच्या घरी झेंडा पाठवता येणार नाही.

तो रडला नाही. इथल्या रीतीनं घराच्याच अंगणात, दक्षिणेला, आईला अग्नी दिला, हात धुतले, जीपमध्ये बसताना मला जवळ बोलावलं. "सेट्टू, मी त्याला मारणार नाही," तो म्हणाला. "मारलं तर हुतात्मा होईल, चौकात पुतळा बसेल. मी त्याची खुर्ची घेणार. आणि यादीत कुणाचं नाव जायला हवं होतं ते त्याच्याच तोंडून वदवून घेणार." मी म्हटलं, बाबा, आधी जिवंत बाहेर ये.

आला, दोन हजार सातला. शिक्षेत थोडी सूट मिळाली होती. थेट माशकडे गेला. माश तेव्हा दुसऱ्यांदा अध्यक्ष. ओसरीवरून उठलासुद्धा नाही. काम हवं असेल तर अर्ज दे, बघू, असं म्हणाला.

वलसननं त्याचं ते वाक्य फारच मनावर घेतलं. तुरुंगात एका म्हाताऱ्या कैद्यानं त्याला अर्ज लिहायला शिकवलं होतं. कोणतं कलम, कोणता अधिकारी, किती दिवसांत उत्तर द्यायला तो बांधलेला आहे, सगळं. तो सकाळी चिरे काढायचा आणि दुपारी माझ्या ओट्यावर बसून लोकांचे अर्ज लिहायचा. विधवेचं पेन्शन, विहिरीची परवानगी, कुणाच्या अंगणातून गेलेली विजेची तार. माहितीच्या अधिकारात त्यानं पंचायतीचे रस्ते खणून काढले. माशच्या मेहुण्यानं कागदावर बांधलेला पूल ओढ्यावर नव्हताच, हे त्यानं फोटोसकट गावाला दाखवलं. पंचायतीचा कारकून त्याला बघितलं की जेवायला निघून जायचा, मग सकाळचे दहा वाजलेले असोत.

पण मतं वेगळी असतात महाराजा. दोन हजार दहाला तो आमच्या वॉर्डातून अपक्ष उभा राहिला आणि त्याला एकोणीस मतं पडली. त्यातलं एक माझं, एक रोहिणीचं. माशच्या पक्षातल्या पोरांनी पुढे वर्षभर खेळ केला. वलसन चौकातून निघाला की एक जण "एक" म्हणायचा, पलीकडच्या दुकानातला "दोन", असं एकोणीसपर्यंत. हा सगळं ऐकून घ्यायचा. एकदा मात्र थांबला आणि म्हणाला, "मोजायला शिकलात हे बरं झालं. पुढच्या खेपेला जास्त मोजायला लागेल."

पुढची खेप पंधरा साली आली. यावेळी रंग वेगळा होता हे माशलाही कळलं. ज्यांचे अर्ज मंजूर झाले होते त्या बायका स्वतःहून घरोघरी फिरत होत्या. वलसनची निशाणी शिडी. इथे निवडणुकीआधी सहा-सहा महिने पक्षाची माणसं भिंती पांढऱ्या करून त्यावर आपलं नाव टाकून अडवून ठेवतात. याला सबंध वॉर्डात एक भिंत मिळेना. माझ्या दुकानाची बाजूची भिंत दोन्ही पक्षांनी कधीची मागून ठेवली होती, आणि मी शहाणपणानं कुणालाच देत नव्हतो. ती मी वलसनला दिली. आयुष्यातलं माझं एवढंच शौर्य.

दुसऱ्या दिवशी दुपारी माशचे तिघे आले आणि त्या शिडीवर डांबर फासायला लागले. मी हात धरायला गेलो तर एकानं मला गटारात ढकललं. खाणीतून वलसन वर आला. त्यानं आधी मला उठवलं, माझा सदरा झटकला. मग पहिल्याचा डांबराचा डबा घेऊन त्याच्याच डोक्यावर पालथा घातला. दुसऱ्यानं काठी मारली, ती याच्या खांद्यावर मोडली. चिरे वाहून झालेला खांदा तो. दुसरा पळाला. तिसरा त्यांचा म्होरक्या, माशच्या गाडीत पुढे बसणारा. त्याला वलसननं दोन्ही हातांनी उचलला, चिरा घेतात तसा पाठीवर टाकला आणि चालायला लागला. भर बाजारातून अर्धा मैल. तो लाथा झाडतोय, शिव्या देतोय, हा चालतोय. मागे निम्मा बाजार. माशच्या ओसरीवर नेऊन त्याला अलगद उभा केला आणि वर्तमानपत्र वाचणाऱ्या माशला म्हणाला, "माशे, तुमचा माल रस्त्यात पडला होता. आणून ठेवलाय." या वेळी त्यानं मुंडू खाली सोडला नाही, वर खोचलेलाच ठेवला. मला वाटतं निवडणूक त्यानं तिथेच जिंकली.

चौतीस मतांनी निवडून आला. आणि निकाल असा लागला की बाजारात लोक नुसते एकमेकांकडे बघून हसत होते. पंचायतीच्या जागा तेरा. माशच्या बाजूचे सहा, विरोधी आघाडीचे सहा, मधे वलसन एकटा. ज्याच्या पारड्यात तो बसेल त्याचा अध्यक्ष.

विरोधी आघाडी त्याला अध्यक्ष करायला तयार होती, उपाध्यक्षपद त्यांना मिळालं की झालं. पण त्यांच्या सहांत एक दिनेशन होता, तोच, एका पायाचा, आता त्यांचा गावातला पुढारी. त्यानं बैठकीत सांगितलं म्हणे, पंचायत खड्ड्यात गेली तरी चालेल, माझा पाय तोडणाऱ्याला मी मत देणार नाही. त्याच्याशिवाय आकडा जुळत नव्हता. माशला हे ठाऊक होतं. म्हणून माश निर्धास्त होता. वलसनला जायला दुसरं दारच नाही, आज ना उद्या तो आपल्याकडे येणार, असं तो म्हणत होता. मतदानाला चार दिवस राहिले तरी वलसन गेला नाही, तेव्हा माशनं माझ्याकडे निरोप्या पाठवला. सेट्टू, तुझ्या मित्राला काय हवंय?

वलसननं एकच अट सांगितली. पैसा नको, पद नको. माशनं माझ्या घरी यायचं आणि जिथे आईला अग्नी दिला तिथे उभं राहून तिला खरं सांगायचं. मग मी मत देतो.

माश दोन दिवस विचार करत होता. सत्तरीला आलेला माणूस, ही शेवटची संधी. मेलेल्या म्हातारीसमोर चार शब्द बोलायला काय जातं, असा हिशेब त्यानं केला असणार. तिसऱ्या दिवशी सकाळी सातला येतो म्हणाला, पण एकटा येणार, आणि तिथे वलसन, त्याची बायको आणि मी, याखेरीज कुणी नको.

आम्हा तिघांत ठरल्याप्रमाणे पहाटे साडेपाचला मी माझी गाडी घेऊन दिनेशनच्या दारात उभा होतो. तो मला शिव्या घालत होता. त्या घरात पाय ठेवणार नाही, तिथलं पाणी पिणार नाही. मी हात जोडले. म्हटलं, पाणी पिऊ नका, फक्त स्वयंपाकघरात तासभर बसा आणि ऐका, पटलं नाही तर मला भर चौकात जोड्यानं मारा. शेवटी तो कुबडी आत टाकून गाडीत बसला. स्वयंपाकघराची खिडकी दक्षिणेच्या अंगणात उघडते. रोहिणीनं त्याला तिथे स्टुलावर बसवलं आणि चुलीवर तांदळाचा पुट्टू वाफायला ठेवून ती बाहेर आली.

माश वेळेवर आला. पायरीशी चपला काढल्या. हुशार माणूस, आधी आमचे तिघांचे मोबाइल मागितले, बंद केले आणि ओसरीच्या कठड्यावर ओळीनं ठेवले. आपलाही ठेवला. मग अंगणात आला. चिता रचली होती त्या जागी लावलेला माड आता डोक्याच्या वर गेला होता. माश त्याच्यासमोर उभा राहिला आणि पुटपुटला, "चिरुतेडत्ती, चुकलं माझं."

"तिला ऐकू येत नाही, माशे," वलसन म्हणाला. "मोठ्यानं बोला. आणि काय चुकलं ते बोला."

माशनं इकडे तिकडे बघितलं. आता हा निघून जातो असं मला वाटलं. माडाच्या झावळीवरून त्याची नजर फिरली, मग त्यानं घसा साफ केला, आणि सभेत बोलतो तसा स्वच्छ आवाज लावला.

"चिरुतेडत्ती, दिनेशनचा पाय तुझ्या मुलानं तोडला नाही. माझ्या शिनोजनं तोडला. मी त्याला वाचवला आणि तुझा दिला."

"आणि झेंडा?"

"झेंडा मी अडवला."

मी माशच्या तोंडाकडे बघत होतो. खरं सांगतो, ते बोलताना त्याला दुःख झालेलं दिसलं नाही. एक अवघड काम उरकल्यासारखा त्यानं खांद्यावरच्या पंच्यानं कपाळ पुसलं आणि वलसनला म्हणाला, "झालं? उद्या अकराला हजर राहा."

तेवढ्यात स्वयंपाकघराचं दार उघडलं. आधी कुबडी बाहेर आली, मग दिनेशन. तीन पायऱ्या उतरायला त्याला वेळ लागला, आणि तेवढा वेळ माश जागचा हलला नाही.

"माशे," दिनेशन म्हणाला, "परत एकदा बोला. चूल पेटलेली होती, मला शेवटचं नीट ऐकू आलं नाही."

माशचा चेहरा राखेसारखा झाला. पंधरा वर्षं मी हा चेहरा असा व्हायची वाट बघत होतो हे मला तेव्हा कळलं. मला कीव आली नाही. उलट छातीत गार वाटलं. त्यानं माझ्याकडे बघून म्हटलं, "सेट्टू, तूसुद्धा?" मी म्हटलं, "मैदानावर मीही होतो, माशे. टाळ्या मीही ऐकल्या." तो वळला आणि चालायला लागला, अनवाणी. चपला पायरीशी राहिल्या. रोहिणीनं त्या केरसुणीनं ढकलत फाटकापर्यंत नेल्या आणि रस्त्यावर लोटल्या.

दिनेशननं त्याच दुपारी नव्यानं चौकशी व्हावी म्हणून अर्ज दिला. अर्ज वलसनकडून लिहून घेतला नाही, तलश्शेरीला जाऊन वकिलाकडून लिहून घेतला. शिनोज महिन्याभरात आईबापांना भेटायला येणार होता. त्यानं तिकीट रद्द केलं, ते आजतागायत काढलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी अकराला पंचायतीचं सभागृह खिडक्यांपर्यंत भरलं होतं. अध्यक्षाचं मतदान इथे लपूनछपून होत नाही. सदस्यानं चिठ्ठीवर नाव लिहायचं, मागे सही करायची, आणि अधिकारी दोन्ही वाचून दाखवतो. एकेक चिठ्ठी उघडत गेली. सहा माशला, आणि त्यातली एक माशची स्वतःची. पाच वलसनला, सहावी वलसनची. शेवटची चिठ्ठी अधिकाऱ्यानं उलटसुलट करून बघितली आणि वाचली. वलसन. सही, दिनेशन.

बाहेर फटाके वाजले. ज्या पोरांनी एकोणीस मोजले होते तीच आता घोषणा देत होती, त्यांचा आवाज मी ओळखला. वलसननं शपथ घेतली. समोरच्या बाकावर माशला बसून राहावं लागलं, नियमच तसा आहे. वलसननं माईक हातात घेतला आणि फक्त म्हणाला, "अनंतन माश यांना काही काम असल्यास त्यांनी अर्ज द्यावा. बघू." सभागृह हसून हसून फुटलं. मीही हसलो, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. माश खाली बघत बसला. मला वाटलं, आता झालं. चिरुताला कुठे असेल तिथे शांत वाटत असेल.

मग रीतीप्रमाणे लाडू वाटले. वलसन स्वतः ताट घेऊन फिरत होता. तो दिनेशनसमोर आला आणि थोरल्या भावाला म्हणतात तसं म्हणाला, "घ्या, दिनेशेट्टा. तुमच्यामुळे झालं."

दिनेशननं हात पुढे केला नाही.

"मत दिलं," तो म्हणाला. "माशला पाडायचं होतं, म्हणून दिलं. पण तू माझं एक ऐकून घे. दोन हजार दोन साली शाळेच्या मैदानात या माशनं मला अपंगांच्या पेन्शनचा कागद दिला. मी कुबडी काखेत दाबून त्याच्यापुढे दोन्ही हात जोडले. तो फोटो माझ्या घरात भिंतीवर आहे, तेरा वर्षं मी त्याच्याखाली जेवलो. माझा पाय ज्यानं तोडला त्याच्या बापाच्या फोटोखाली. तुला माहीत होतं. कोर्टात माझ्याकडे बघून मान खाली घालताना माहीत होतं. तुरुंगातून बाहेर आल्यावर आठ वर्षं सगळ्या गावाचे अर्ज लिहिलेस, माझ्या घरी येऊन एक वाक्य सांगितलं नाहीस. का? कारण तुला ते माशच्या तोंडून हवं होतं. तुझ्या आईसाठी. माझा पाय तुला शिडीसारखा वापरायचा होता, तोही तू वापरलास."

वलसन ताट धरून उभा होता.

"आता माशचं नाव माझ्या यादीत आहे, त्याच्या मुलाचं आहे," दिनेशन म्हणाला. "आणि त्याखाली तुझं आहे. पाच वर्षं खुर्चीवर बस. पुढच्या खेपेला तुझ्या वॉर्डात मी उभा राहणार आहे."

त्यानं कुबडी सावरली आणि निघाला. मी मागे धावलो, म्हटलं गाडीतून सोडतो. तो म्हणाला, तुझ्या गाडीत एकदा बसलो तेवढं पुरे. त्याचं घर तिथून दीड मैल आहे, सगळी चढण. मी परत आत आलो तेव्हा वलसन खिडकीशी उभा होता, ताट तसंच हातात. शिपाई त्याला दुसऱ्यांदा सांगत होता की साहेब, खुर्चीवर बसा, फोटोवाला थांबलाय.

"सेट्टू," तो म्हणाला, "त्याच्याकडे जायला हवं होतं ना रे मी?"

मी हो म्हणालो.